सामाईक लायब्ररीतली हरवलेली फाइल

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या क्लासेसचे संचालक आदरणीय व्यंकटराव सर, उदगीरहून खास आलेले प्रमुख पाहुणे महादेवप्पा काका, ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो ते कॉम्प्युटर लॅबचे उमाशंकर सर, व्यासपीठावरील मान्यवर, आणि मघापासून नाश्त्याच्या टेबलाकडे बघणाऱ्या माझ्या सहकारी बंधुभगिनींनो,

मी राजश्री देगलूरकर, इथली ग्रंथपाल. मला चार शब्द बोलायला सांगितलं आहे. चारांत मावणार नाही हे अध्यक्ष ओळखून आहेत, कारण त्यांनी मनगटावरचं घड्याळ काढून समोर ठेवलं आहे.

गोष्ट सहा वर्षांपूर्वीची. रविवारी आपली निवड परीक्षा होती. किनवटपासून धर्माबादपर्यंतची नऊशे मुलं लातूरला येणार होती. शनिवारी सकाळी ऑफिसची मंडळी पेपर छापायला बसली, तर ऑफिसातलं कॉम्प्युटर एकही प्रिंटर दाखवीना. उमाशंकर सर निलंग्याला चुलतबहिणीच्या लग्नात. स्क्रीनवर इंग्रजीत एक ओळ उमटली होती. ती व्यंकटराव सरांनी जातीनं वाचली. अर्थ असा निघाला, की सामाईक लायब्ररीतली एक फाइल सापडत नाही.

आता आपल्या इमारतीत लायब्ररी एकच. दहा मिनिटांत माझ्या हातात मेमो पडला. फाइल चार वाजेपर्यंत हजर करा, अन्यथा सेवेतून कमी करण्यात येईल.

मंडळी, तोवर माझी बारा वर्षं नोकरी झाली होती आणि एक नकाशा काय तो गहाळ झाला होता, तोही उंदरांमुळे. मी रडले, खरं सांगते. मग पदर खोचला. शिपाई बसम्मा आणि मी मिळून अकरा कपाटं उपसली. मेमोत फाइलचं नाव होतं ते असं: आधी लिब, मग काहीतरी लांबलचक, मग टिंब, मग एसओ. बसम्मानं आयुष्यभर प्रवेशाचे फॉर्म वाटलेले. ती म्हणाली, "एसओ म्हंजी सन ऑफ, बाई. पर बापाचं नाव कुठं हाय?" मलाही ते पटलं. आम्ही बाप शोधू लागलो. जीवशास्त्राच्या गाइडांमागे कुणाचा तरी जेवणाचा डबा निघाला, तो उघडायचं धाडस आम्ही केलं नाही. देवघेवीच्या वहीत मात्र दिसलं, की योगासनांचं एक पुस्तक नऊ वर्षांपासून खुद्द संचालकांकडे आहे. ती वेळ ते सांगायची नव्हती.

तीन वाजता उमाशंकर सर आले. अंगात लग्नाचा सदरा, केसांत अक्षता. त्यांनी मेमो वाचला आणि खाली बसून बराच वेळ हसले. माझे डोळे बघून थांबले.

"मॅडम, ही फाइल कागदाची न्हाई, कॉम्प्युटरच्या आतल्या लायब्ररीतली हाय," ते म्हणाले. "ही मशीनची हाक हाय."

मग त्यांनी मला किल्लारीचं सांगितलं. भूकंपानंतर त्यांचं कुटुंब पत्र्याच्या शेडमध्ये राहत होतं. ते तेव्हा आठ वर्षांचे. सगळ्या शेड एकसारख्या. कोण कुठं राहतं, कुणाचं काय वाचलं, कुणाला पत्ता नाही. त्यांची आजी मल्लम्मा दुपारी दोन ओळींच्या मध्ये उभी राहून ओरडायची, शिलाई मशीन कुणाकडं हाय? ज्याच्याकडे असेल तो ओ द्यायचा. तसंच कॉम्प्युटर हाक मारतं, प्रिंटर कोण कोण आहे? आणि प्रिंटर ओ देतात. ही फाइल गेली म्हणजे कॉम्प्युटरचा आवाजच गेला.

त्यांनी सीडीवरून फाइल परत बसवली. लगेच तीन प्रिंटरांनी ओ दिली. थोड्या वेळानं चौथ्यानंही दिली. त्याचं नाव होतं 'संचालक कक्ष, रंगीत'. हा प्रिंटर दोन वर्षांपासून बिघडलेला आहे असं आम्हा सर्वांना सांगण्यात आलं होतं. त्या दिवशी सर्वात जास्त पेपर त्यानंच छापले.

व्यंकटराव सरांनी सगळ्या स्टाफसमोर विचारलं, फाइल शेवटी होती कुठं? उमाशंकर सरांना तेव्हा कायम होऊन महिनाही झाला नव्हता. ते माझ्यासाठी बोलतील अशी आशाच नव्हती, म्हणून मी त्यांच्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"सर, आधी मॅडमचा मेमो परत घ्या. मग सांगतो."

सरांनी मेमो घेतला, घडी घालून खिशात ठेवला. मग उमाशंकर सर त्यांच्या कानात काहीतरी बोलले.

संध्याकाळी व्यंकटराव सर स्वतः लायब्ररीत आले. योगासनांचं पुस्तक परत केलं आणि म्हणाले, कॉम्प्युटर साफ करताना आपणच ती फाइल काढून टाकली होती; इमारतीत एक लायब्ररी असताना आत दुसरी कशाला, असं त्यांना वाटलं. माझी माफी मागितली. सर, सहा वर्षं झाली, आज सांगितलं तर चालेल ना? मानेवरून चालेलसं दिसतं.

उमाशंकर सर आता किल्लारीच्या शाळेत कॉम्प्युटर शिकवायला निघालेत. परवा येणेबाकी नसल्याच्या दाखल्यावर माझी सही घ्यायला आले. मी वही चाळली. रोज दुपारी तासभर लायब्ररीत बसणाऱ्या या माणसानं सात वर्षांत एकही पुस्तक नेलेलं नाही. मी विचारलं, मग वाचत काय होतात? ते म्हणाले, "काही न्हाई मॅडम. तुमचा पंखा चांगला हाय."

मी सही केली. पण पंखा कालपासून उगाचच चालू ठेवते आहे.

आपण शांतपणे ऐकलंत, मी ऋणी आहे. बोलण्याच्या ओघात कुणाचा मान राखायचा राहिला असेल, तर तो दोष माझ्या पदरात टाका आणि मोठ्या मनानं विसरा. नमस्कार.