उत्तरेचा बाण

पंडरीच्या बसस्टँडवर जगदलपूरच्या तिकिटाच्या रांगेत लताबाईंच्या पुढं माय-लेकी उभ्या होत्या. पोरीच्या पिशवीतून दगड फोडायची हातोडी डोकावत होती, म्हणून लताबाईंचे कान आपसूक तिकडं लागले.

"मम्मी, तू माझा दगड घासलाच काहून?"

"मग? कोण्या पोट्ट्यानं त्याच्यावर पेननं बाण काढला होता."

"मी काढला होता! दगड फोडून काढायच्या आधी त्याच्यावर उत्तर दिशा दाखवावी लागते. त्याच्यावरूनच समजते, जमीन कोणत्या बाजूनं दबून दुमडली."

"मग दुसरा काढ."

"कोणत्या दिशेले? आता तो नुसता दगड आहे."

"नुसता कसा? देवघरात ईशान्येले ठेवला मी. तू पास व्हावी म्हणून."

"सोमवारी सर थीसिस पाहून राहिले, अन् मी पुन्हा बस्तरले चालली."

"एका दगडासाठी? भनपुरीत ट्रकभर पडले आहेत, बेटा."

"तो अडीचशे कोटी वर्षं जुना आहे, मम्मी!"

माय मागं वळून लताबाईंना म्हणाली, "ऐकलं ना, दीदी? अडीचशे कोटी वर्षं. अन् तोवर कोणाले एकदा धुवाचं सुचलं नाही."