साखरेचा डबा

दातांच्या डॉक्टरांकडे माझा नंबर बारावा होता. दात दुखत होता, कान मात्र ठणठणीत होते. शेजारी एक प्राध्यापिका आणि त्यांची आई बसल्या होत्या.

"आई, बॅग कशाला भरलीस?"

"दादाकडे जाते. तीन वर्षं झाली, पाहुणीनं राहायचं तरी किती?"

"पाहुणी? स्वतःच्या घरात?"

"तुझ्या घरात. गाव सोडून आलेल्या लोकांवर पाच पुस्तकं लिहिलीस ना? त्यांना पहिला प्रश्न काय विचारतेस?"

"घरात वस्तूंच्या जागा कोण ठरवतं?"

"मग मला विचार की!"

"अं... कोण ठरवतं?"

"तू. साखरेचा डबा वरच्या फळीवर. माझा हात पोचत नाही, म्हणून रोज बिनसाखरेचा चहा पिते."

"अगं, मी कॉलेजात तुझं उदाहरण देते! सत्तरीत साखर सोडली म्हणून!"

"दे, दे. चारशे लोकांना विचारलंस, आईच्या बाबतीत मात्र नुसतं धरून चाललीस."

"चुकलंच माझं. आज डबा तुला हवा तिथे ठेव."

"आणि तुला सापडला नाही तर?"

"तुला हाक मारीन."

"रोज?"

"रोज."

"मग आधी दादाला फोन लाव. म्हणावं, स्टेशनवर येऊ नकोस."