निळा विलायती चुडा

नाई नाई, पेटी नको उघडू, कुर्बानभाऊ. बस. पानी पे. बांगड्या नाई भरत मी आज. काहून? सांगते नं. मांगच्या पोळ्याले याच ओट्यावर तू निळा चुडा काढला — "जयवंताबाई, विलायती काच हाय, तिकडची मड्डम आंघोळीले बी उतरवत नाई!" म्या म्हनलं, मड्डमीले कुठचं धुनं-भांडं? तू हासला. मंग आवाज बारीक केला — "हा चुडा ज्या बाईच्या हाती, तिच्या मानसाचा पाय उंबरठ्याबाहेर निंगत नाई. एकच आनला, तुमच्यासाठी." अन् मी भुलली! आईनं देल्लेल्या लाखेच्या बांगड्या उतरवल्या अन् तुही काच चढवली. — मले कायची गरज होती म्हना. घरधनी घरीच होता. म्हंजे... येत-जात होता. कापसाले सोन्याचा भाव आला, आमच्या कापसाच्या गाड्या अकोल्याले लागल्या, त मानसाले जाच लागते. दिवाळीपासून आला नाई, त काय झालं? काम असन.

परवा भाचीच्या लग्नाले अकोल्याले गेली. जुन्या शहरात, मोर्नेच्या घाटावर एक बाई घागर भरून राहिली होती — हातात निळा चुडा! म्या इचारलं, बाई, कोनापासून भरला? थे म्हने, अचलपूरच्या कुर्बान मनियारापासून. एकच होता त्याच्याजवळ. म्हने, हा चुडा हाती असला का मानूस वापस बायकोच्या घरी जात नाई! — असं म्हने अन् हासे. म्या आपले हात पदराखाली घेतले, भाऊ. तिले लाज नाई आली, मले आली.

इथं अमरावतीत एक बोली, तिकडं अकोल्यात दुसरी, काच थेच! आमच्या भेवावर धंदा केला तू. करायचाच होता त कर, पन भाऊ म्हनून काहून बसला माह्या ओट्यावर? माहा हात हाती घेऊन, कुठं दुखते का म्हनून इचारत इचारत बांगडी चढवतं, अन् मनात हे?

एक सांग. शेवटची बांगडी तू हातातच धरून ठेवतं — बाईनं मालकाचं नाव घेतल्याबिगर चढवत नाई. आमी लाजतो, उखाना घेतो, मंग चढवतं. तिले बी नाव घ्याले लावलं असन नं? कोनाचं घेतलं थिनं? ... खाली नको पाहू. कोनाचं घेतलं?

खुशालरावचं?

... पाहा, उखान्याबिगर पयल्यांदा घेतलं म्या त्याचं नाव, अन् तुह्या तोंडून 'नाई' बी निंगत नाई. ऊठ. पेटी उचल.