त्या संध्याकाळची तांत्रिक चूक

आदरणीय अध्यक्ष महाराज, आजच्या कार्यक्रमासाठी विमानाने खास आलेले मुख्य पाहुणे आपले मोठे साहेब, व्यासपीठावर बसलेली सर्व मान्यवर मंडळी, ज्यांच्यासाठी हा सगळा घाट घातला त्या आमच्या ताई, आणि समोर दाटीवाटीने बसलेले चॅनेलचे आजी-माजी बंधुभगिनी, सगळ्यांना माझा नमस्कार.

सूत्रसंचालक बाईंनी माझी ओळख 'प्रेक्षकांचे प्रतिनिधी' अशी करून दिली. एवढा मोठा मान मला कुणी दिलेला नाही. मी शिंपी आहे. बाजारात माझं दुकान आहे, आणि गळ्यात मापाची टेप नसली की हातांचं काय करायचं ते मला कळत नाही, म्हणून मघापासून ते मागे धरून उभा आहे. सांभाळून घ्या.

मी भाषण लिहून आणलं होतं. पुतण्याने तपासूनही दिलं, त्यात 'देदीप्यमान' हा शब्द दोनदा होता. पण साहेबांचं भाषण ऐकलं आणि तो कागद घडी करून खिशात टाकला.

साहेबांनी चॅनेलचा इतिहास फार सुंदर सांगितला. किती देश, किती भाषा, कुठले उपग्रह. मी ऐकतच राहिलो. मला हाच इतिहास ठाऊक आहे, पण आमच्या बैठकीच्या खोलीतून. हे चॅनेल आमच्याकडे आलं तेव्हा दिवसातून दोन-तीन तास दिसायचं आणि सगळं परक्या भाषेत. कळत कुणालाच नव्हतं, पण बघायचे सगळे. आमच्या आईने एका मालिकेतल्या नायिकेला नायकाची बहीण ठरवून टाकलं होतं. दोघं जरा जवळ आली की ती बिचारी उठून आत जायची आणि उगाच भांडी आवरायची.

मग आपल्या भाषेत आवाज भरायला सुरुवात झाली. नट तोंड मिटून बसलाय आणि बोलणं चालूच. आवाज देणारा गृहस्थ बहुधा एकच असावा, कारण नायक आणि त्याचा सासरा यांचं भांडण लागलं की एकच माणूस स्वतःला दम देतोय असं वाटायचं. हसताय ना? तो आवाज एका गॅरेजवरच्या दोन खोल्यांत भरला जायचा, आणि त्या खोल्यांत ताई होत्या. चॅनेलची इथली शाखा म्हणजे तेव्हा तेवढंच. आईला त्या दोघांचं खरं नातं कळलं त्या दिवशी ती जेवली नाही, त्याचं खापरसुद्धा मी ताईंच्या डोक्यावर फोडतो.

आणि मग ती सगळ्या देशांची मिळून नाचाची स्पर्धा आली. चॅनेलचं नशीब उघडलं ते तिथून, असं साहेब म्हणाले. बरोबर आहे. पुढे साहेब आणखी एक वाक्य बोलले. ते म्हणाले, "ताईंच्या इतक्या वर्षांच्या सेवेत ती एक तांत्रिक चूक सोडली, तर बोट ठेवायला जागा नाही." सभागृहाने टाळ्या वाजवल्या. मी पाहत होतो, ताईंनीही वाजवल्या.

त्या टाळ्या मला सहन झाल्या नाहीत. म्हणून कागद खिशात गेला.

ताई, माझ्याकडे असं बघू नका. मी तुम्हाला शब्द दिला होता, तुम्ही नोकरीत असेपर्यंत तोंड उघडणार नाही म्हणून. साहेबांनी आत्ता तुमच्या हातात निरोपाचा गुच्छ दिला. म्हणजे झालात तुम्ही मोकळ्या, आणि मीही झालो.

ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो. त्या स्पर्धेच्या अंतिम फेरीत आपल्या देशातून एकच मुलगी पोचली होती. ती माझी मुलगी. घरात तिला सगळे भिंगरी म्हणायचे, कारण चालायला लागल्यापासून ती सरळ कधी चाललीच नाही. तिचे नाचाचे सगळे कपडे मीच शिवायचो. अंतिम फेरी मुख्य कार्यालयाच्या देशात होती आणि तिथे ती थेट दिसणार होती. आपल्याकडे मात्र परीक्षकांचं बोलणं आपल्या भाषेत भरायचं, म्हणून दोन तास उशिरा. तेव्हा घरोघरी मोबाईल नव्हते, इंटरनेट नव्हतं. जग आपल्यापुढे दोन तास असायचं आणि आपल्याला त्याचा पत्ता नसायचा.

आमच्याकडे त्या संध्याकाळी आळी लोटली होती. शेजाऱ्यांच्या खुर्च्या, दुकानातली बाकं, दारात चपलांचा ढीग. भिंगरीच्या आईने टीव्हीच्या अगदी समोरची जागा धरली होती आणि पुढ्यातून कुणी गेलं की ती त्याच्यावर खेकसत होती. कार्यक्रमाची वेळ झाली. पडद्यावर एक जुनी विनोदी मालिका लागली. आम्ही म्हटलं, संपेल आता. ती संपली, तिचाच पुढचा भाग लागला. मग मात्र माझं डोकं फिरलं. पडद्याखाली चॅनेलचा नंबर यायचा, तो मी फिरवला.

पलीकडून एका बाईंनी फोन उचलला. मी सुरूच झालो. "काय चाललंय काय तुमचं? इथे पन्नास माणसं ताटकळलीत. झोपा काढता का तिथे?" त्या शांतपणे म्हणाल्या, "साहेब, थोडी अडचण आहे. आपण कोण बोलताय?" मी म्हटलं, "कोण म्हणजे? मी तिचा बाप बोलतोय."

 मला वाटलं लाईन तुटली. मी हॅलो, हॅलो करत राहिलो. मग त्यांनी विचारलं, "दादा, तिची आई कुठे आहे?" मी म्हटलं, "ही काय, समोर बसलीय." त्या म्हणाल्या, "त्यांच्या जवळच थांबा. घराचा पत्ता सांगा, मी येते." मी चिडून म्हटलं, "तुम्ही येऊन काय करणार? टीव्ही दुरुस्त करणार?" त्यावर त्या एवढंच म्हणाल्या, "पत्ता सांगा, दादा."

मी पत्ता सांगितला आणि फोन ठेवला.  पडद्यावर मालिका चालू होती, लोक हसत होते, आणि मी दाराकडे बघत उभा होतो.

भिंगरी उंचावरून पडली होती. मंचावर, सगळ्यांच्या देखत, नाच ऐन रंगात असताना. तिकडच्या लोकांनी ते थेट पाहिलं. ताई आमच्या दारात आल्या तोवर सगळं संपलेलं होतं, आणि ती गेली हे त्यांनी स्वतःच्या तोंडाने, भिंगरीच्या आईचे दोन्ही हात धरून सांगितले. खोली भरलेली होती. टीव्ही तेव्हा कुणी बंद केला, आठवत नाही.

सूत्रसंचालक बाई चिठ्ठी देतायत. द्या. 'वेळ संपत आली आहे' असं लिहिलंय. बरोबर आहे बाई, वेळ संपलीच आहे. तरी मला दोन मिनिटं जास्त घेऊ द्या. साहेब, तुम्हीही बसा, पाणी घ्या. मी तुमच्यावर दात धरून आलेलो नाही.

महिन्याभराने मी ऑफिसात भांडायला गेलो होतो, त्या बंद पडलेल्या यंत्राच्या नावाने. कारण घरी भिंगरीच्या आईने एकच घोशा लावला होता. "सगळ्या जगाने तिला शेवटचं नाचताना पाहिलं. एक मी सोडून. यांचं यंत्र नेमकं त्याच दिवशी बंद पडायला काय धाड भरली होती?" ऑफिसात गेलो तर ताई जागेवर नाहीत. म्हणाले, त्यांना खाली लहान मुलांच्या कार्टूनांत टाकलंय. यंत्रावर बसणारा एक गडी मला जिन्यात घेऊन गेला आणि रडायलाच लागला. म्हणाला, "काका, यंत्र बिघडलंच नव्हतं."

त्याने सांगितलं ते असं. भिंगरी पडल्याचं इथल्या खोलीत दिसलं तेव्हा आपलं प्रक्षेपण सुरू व्हायला बराच अवकाश होता. मुख्य कार्यालयातून फोन आला, कार्यक्रम ठरल्याप्रमाणे दाखवा. साहेब तेव्हा इथले प्रमुख होते. ते म्हणाले, "पडायच्या आधीपर्यंत दाखवू आणि थांबवू." ताईंनी विचारलं, "मग तिची आई पुढचं बघायला बसून राहील, तिला काय दाखवणार?" साहेब म्हणाले, "अहो, जग बघून बसलंय. इथे लपवून काय मिळणार?" ताई म्हणाल्या, "जगाची कुठे मुलगी आहे ती?" आणि वेळ झाली तेव्हा त्यांनी जुन्या मालिकेची टेप लावायला सांगितली. त्या गड्याला ते जमेना, म्हणून शेवटी बटण त्यांनी स्वतः दाबलं. वरून विचारणा झाली तेव्हा खोलीतल्या कुणावर बालंट नको म्हणून सांगितलं, टेप चढवताना माझ्याकडून चूक झाली.

साहेब, तुमच्यावरही वरून दडपण होतं, ते मला समजतं. पण आज तुमच्या प्रत्येक देशातल्या शाखेत नियम आहे, माणसाला इजा झाली तर आधी घरच्यांना कळवायचं, मग पडद्याचं बघायचं. हा नियम कुठून आला ते तुमच्या इतिहासात आलं नाही. तो त्या तांत्रिक चुकीतून आला.

मी तसाच खाली गेलो. ताई एका ससोबाला आवाज देणाऱ्या पोरीला वाक्यं समजावत होत्या. मी म्हटलं, "मला ती टेप दाखवा." त्या नाही म्हणाल्या. मी हट्ट धरला. शेवटी त्यांनी दार लावलं, टेप लावली आणि माझ्या शेजारी बसल्या.

मी ती पाहिली. त्यात काय होतं ते मी इथे सांगणार नाही. आम्हाला सांगण्यात आलं होतं की तिला काही कळलंच नाही, पडली आणि गेली. तसं नव्हतं. आणि कॅमेरा जागचा हलला नव्हता. बस्स, एवढंच. तेव्हापासून मी रोज रात्री डोळे मिटतो तेव्हा माझ्यासमोर ते असतं, आणि शेजारी भिंगरीची आई झोपलेली असते, जिच्या डोळ्यांसमोर अजून आधीच्या आठवड्यातली नाचणारी पोर आहे. ताई, ही तुमची चूक आहे म्हणतात.

मी तिथल्या तिथे म्हटलं होतं, घरी जाऊन तिला खरं सांगतो, निदान ती तुम्हाला बोल तरी लावणार नाही. ताई म्हणाल्या, "नको दादा. मी मुद्दाम थांबवलं म्हटलं तर त्या विचारतील, असं काय होतं त्यात? आणि त्याचं उत्तर तुम्हाला द्यावं लागेल. त्यापेक्षा लावू देत मला बोल." आणि खोटं उघडं पडून त्यांची नोकरी जाऊ नये, म्हणून त्या नोकरीत असेपर्यंत गप्प राहायचा शब्द मी तेव्हा दिला.

इतकी वर्षं ताई वर्षातून एकदा आमच्याकडे येतात. भिंगरीची आई दार उघडते, पण बोलत नाही. ताई थोडा वेळ बसतात, तिचे एक-दोन टोमणे ऐकून घेतात आणि उठतात. एकदा तर ती तोंडावर म्हणाली, "तुम्हाला मूलबाळ असतं तर यंत्र नीट बघितलं असतंत." ताईंनी पायात चपला घातल्या आणि मला म्हणाल्या, "येते, दादा." मी त्यांच्याबरोबर कोपऱ्यापर्यंत गेलो. 

आजही ती इथे आलेली नाही. मी निघालो तर म्हणाली, "त्या बाईचं कौतुक करायला चाललात का?" मी म्हटलं, हो.

आता माझी सभागृहाला हात जोडून एक विनंती आहे. इथे आमच्या आळीतली चार-पाच माणसं मला दिसतायत, आणि मागे दोघा-तिघांच्या हातात मोबाईलही दिसतायत. मी इथे बोललो ते घरी पोचायला वेळ लागणार नाही. कृपा करून मी जाईपर्यंत कुणी फोन करू नका. ते तिला दुसऱ्या कुणाकडून कळायला नको. एवढं तरी आपण ताईंकडून शिकलो असू, असं मी धरून चालतो.

साहेबांचे मी मनापासून आभार मानतो. ते बोलले नसते तर माझी हिंमत झाली नसती. अध्यक्षांचे आभार, त्यांनी घड्याळ पाहिलं पण घंटा वाजवली नाही. सूत्रसंचालक बाईंची चिठ्ठी मी मानली नाही, त्यांनी राग धरू नये. शिंप्याच्या तोंडून कुणाला टाका लागला असेल तर तो माझ्या वयाला माफ करावा.

आणि ताई, तुमच्याकडे शेवटचं मागणं. नाश्ता वगैरे राहू दे, लोक थांबतील. गाडी खाली उभी आहे. त्या दिवशी तुम्ही एकट्या आमच्या दारात आला होतात, आज माझ्याबरोबर चला. मी तिला सगळं सांगणार आहे. ती विचारणार, असं काय होतं त्यात. तेव्हा तुम्ही नुसत्या माझ्या शेजारी बसा, टेप पाहताना बसला होतात तशा. ती चहा विचारेल की दार लावून घेईल, ते मी सांगू शकत नाही. पण मला एकट्याने नाही जमणार, ताई. उठता ना?