सुगनीच्या दारातला बंदोबस्त

नाही नाही, बसा हो हवालदारसाहेब, उठताय कशाला — ताक प्यायला कोर्टाची मनाई आहे का? भिंतीवरूनच देते, म्हणजे मी आत घुसले असं नको व्हायला. आणि हसू नका, मी काही डोकावत नसते, आमची भिंतच बुटकी आहे.

तर सुगनीचं सांगत होते. ऐकलंत ते खरंय, आज ती भावाकडे जाणार. ज्या पेमारामपासून तुम्ही तिला राखताय, ज्यानं कुलूप फोडून तिची पेटी रस्त्यावर फेकली, पाय तोडीन म्हणाला — त्याच्याच दारात, गूळ-तांदूळ घेऊन! तिच्या पोरीचं लग्न आठ दिवसांवर आलंय, मायऱ्याचं, म्हणजे मामाच्या आहेराचं, बोलावणं भावाला नको? मांडवात बहिणीच्या अंगावर चुनरी भावानं नाही घालायची तर कोणी, तुम्ही? तुमच्या कोर्टाच्या कागदात काय लिहिलंय, त्यानं या घरी यायचं नाही. हिनं तिकडे जायचं नाही असं लिहिलंय? नाही ना! आणि लग्न या घरी नाही, धर्मशाळेत आहे, तेवढी अक्कल आहे तिला.

भांडण तरी केवढं? बाप गेला, बाराव्याची पंगत उठायच्या आत पेमारामनं हक्क सोडल्याचा कागद पुढे केला. आपल्याकडे बहिणी टेकतातच अंगठा — लापशीचा हात पुसायचा, टेकायचा, साडी घ्यायची, सासरी जायचं. ही म्हणाली, मी विधवा बाई, नऊ वर्षं बापाचं अंथरूण काढलं, या दोन खोल्या माझ्या. झालं! बहीण मेली म्हणाला, चारचौघांत. मीही तिला तीनदा सांगितलं, अगं भिंती काय चाटायच्यात, भाऊ राख. मी नाही टेकला अंगठा? टेकला, डोळे मिटून. आणि राहिला माझा भाऊ — राहिला म्हणजे, आहे की, बिकानेरला, फर्निचरचं दुकान आहे. माझ्या लेकीच्या, मंजूच्या लग्नाला त्याला जमलं नाही तेवढं. बसच्या कंडक्टरबरोबर चुनरी पाठवली, पिशवीत घालून. पिवळी होती, छान. मीच घेतली माझ्या अंगावर. गाणाऱ्या बाया गप्प झाल्या, ढोलवाला थांबला, मी म्हटलं वाजव रे, थांबतोस कशाला —

ताक आंबट झालंय का? मीठ देऊ?

तसा गोड माणूस हो पेमाराम. आज सकाळीच माझ्या चुलीपाशी बसून बाजरीच्या दोन रोट्या — अगं बाई! नाही, इकडून नाही आला, मागच्या गच्चीवरून आला, तुमची काही चूक नाही, तुम्ही तेव्हा दाढी करत होतात. लिहू नका हो! लगेच वही काय काढता! काकी म्हणतो मला. म्हणाला, काकी, सुगनी तुझं ऐकते, एवढा अंगठा घे तिचा, की पाच तोळ्यांचा मायरा आणतो, सगळी भावकी घेऊन, ढोल वाजवत. नाहीतर मांडवात पाऊल टाकणार नाही. आणि तोच हक्क सोडल्याचा कागद दिला. हा काय, ओढणीखाली. सकाळपासून तीनदा भिंतीपाशी आले तिला हाक मारायला आणि तीनदा तुम्हालाच हाक मारली — ताक घेता का, ताक घेता का. तुम्हाला वाटलं असेल, केवढी माया!

बघा, निघाली. लाल फडक्यात गूळ बांधलाय, डोक्यावरून नीट पदर घेतलाय, मान ताठ. घ्या हा कागद. घ्या म्हणते ना! खिशात राहू दे. पेमारामनं हात पुढे करून गूळ घेतला, तर तिथंच फाडून टाका. आणि पायानं उडवला, तर ठाण्यात साहेबांच्या टेबलावर ठेवा, कोणी दिला विचारलं तर माझं नाव सांगा, धापूनं दिला म्हणा. गच्चीवरून कोण आलं तेही सांगेन. कुलूप कोणी फोडलं तेही. हो हो, मीच सांगेन! बघितलंय मी, म्हटलं ना, भिंत बुटकी आहे.

आता माझ्याकडे काय बघताय? टोपी घाला. आणि तिच्या पुढं नाही, दोन पावलं मागून चाला — बहीण भावाला बोलवायला चाललीय, जप्ती नाही चालली. जा.