वेणूमावशीच्या फाईलवरची पिवळी चिठ्ठी

रेखा, मावशीच्या घरची सगळी माणसं, गल्लीतले शेजारी, आणि आज दुकानं लवकर आवरून आलेल्या भाजीबाजारातल्या बायांनो,

मला सभेत बोलायची सवय नाही. माझं कामच गप्प बसून करायचं आहे. पण आज गप्प बसले तर पुढं कधीच बोलणार नाही, म्हणून उभी राहिले.

वेणूमावशीला जाऊन अकरा दिवस झाले. जुन्या शहरात आमचं घर तिच्या घराला लागून. मधली भिंत एकच. तिचं खोकणं मला ऐकू यायचं, माझ्या कुकरच्या शिट्ट्या ती मोजायची. "आज दोनच शिट्ट्या झाल्या वं, डाळ कच्ची राह्यली असन," असं भिंतीपलीकडून सांगायची.

मी दवाखान्याच्या नोंदींच्या खोलीत काम करते. रुग्ण घरी गेला की त्याची फाईल आमच्याकडं येते. डॉक्टरांनी लिहिलेला आजार वाचायचा आणि त्याला ठरलेला कोड द्यायचा. कंबरेचा मणका मोडला असेल, तर तो कसा मोडला यावर कोड ठरतो. माणूस पडून मोडला, तर इजेचा कोड. हाड ठिसूळ होऊन साध्या ओझ्यानं मोडलं, तर आजाराचा. मणका तोच, दुखणं तेच, पण कोड वेगळा.

आणि नियम एकच. कागदावर आहे तेच धरायचं. कानांनी ऐकलेलं धरायचं नाही. शंका आली तर फाईलवर पिवळी चिठ्ठी टाचायची आणि डॉक्टरांकडं परत पाठवायची. डॉक्टर काय ते बघतात.

मावशीला दवाखान्यात आणलं त्या दिवशी मी धावत खाली गेले. एक्स-रेच्या दारात ती स्ट्रेचरवर होती. मी विचारलं, "मावशी, कुठं पडली वं?"

तिनं मला खाली वाकायला लावलं. म्हणाली, "पडली कुठं? मेथीचं टोपलं उचलून राहिली होती. कंबरेत कट्‌ झालं, अन्‌ बसलीच खाली."

"मग डॉक्टरांना पडली म्हणून काहून सांगितलं?"

"मंग काय सांगू? चाळीस वर्षं उचललेलं टोपलं आता उचलत नाही, असं? बाजारातल्या बाया हासतीन मले. तू कोनाले सांगू नको. माही शपथ हाय तुले."

बायांनो, तुम्ही हसला असता का?

चार दिवसांनी फाईल माझ्या टेबलावर आली. कागदावर होतं, घसरून पडल्यामुळं मणका मोडला. मी पिवळी चिठ्ठी लिहिली. 'रुग्ण खरंच पडली का, विचारावं.' टाचणीही लावली. मग तिची शपथ आठवली. मी टाचणी काढली, चिठ्ठी फाडली आणि इजेचा कोड टाकला. नियमानं माझं काही चुकलं नव्हतं. कागदावर तेच होतं.

मावशी घरी आली ती कंबरेला पट्टा बांधून. मला म्हणाली, "वांग्याच्या पोत्यालेही कोनी एवढं करकचून बांधत नाही वं." खाटेवरून समोरची भिंत तेवढी दिसायची. तिथूनच ती लेकीला, रेखाला ओरडायची, कोथिंबिरीवर पाणी मारलं का म्हणून. मी रोज जायची. रोज वाटायचं, आज सांगावं. शपथ मोडावी तर तिच्या नजरेतून उतरेन. न मोडावी तर रात्रंदिवस तिचं कण्हणं भिंतीतून ऐकावं. भिंत एकच होती. अलीकडं मी, पलीकडं ती, आणि दोघींनाही बाहेर पडता येत नव्हतं.

मग एक दिवस ती खाटेवर नुसती उठून बसली आणि वरचा मणका गेला. पुन्हा फाईल आली. कागदावर होतं, 'पूर्वी पडल्याचा इतिहास.' मी पुन्हा तोच कोड टाकला. या वेळी चिठ्ठी लिहिलीही नाही. त्यानंतर मावशी उठलीच नाही. खाटेवर पडून पडून छातीत कफ साठला. पुढचं तुम्हाला माहीत आहे.

कोड बघून औषध देत नाहीत, हे मला ठाऊक आहे. पण ती चिठ्ठी गेली असती, तर डॉक्टरांनी विचारलं असतं. हाडं तपासली असती. कदाचित दुसरा मणका वाचला असता. कदाचित नसता. हा 'कदाचित' माझ्यासोबत राहणार आहे.

आज सकाळी मी हे सगळं रेखाला सांगितलं. सभेत बोलू का, असंही विचारलं. ती म्हणाली, "सांग ताई. मायले आता कायची लाज?" आणि बोलता बोलता तिचा हात आपल्या कंबरेवर गेला.

रेखा, मी ते पाहिलं. मेथीचं ते टोपलं आता तू उचलतेस. उद्या सकाळी तू माझ्यासोबत दवाखान्यात येणार आहेस. डॉक्टरांना पडली म्हणून सांगायचं नाही. जे झालं तेच सांगायचं. यावेळी मला कोणाची शपथ घालू नको. मी ऐकणार नाही.

मावशीची फाईल बंद करायला माझ्याच टेबलावर आली आहे. मी अजून बंद केलेली नाही. काल तिच्यावर पिवळी चिठ्ठी टाचली. आता ती काढणार नाही.

अशा वेळी आपण उभं राहून शांत राहतो. आज उभं राहू नका. मावशीला शेवटचे सात महिने उभं राहता आलं नाही. बसूनच डोळे मिटू या. आणि बायांनो, जिची कंबर दुखत असेल, तिनं भिंतीला टेकून बसावं. इथं कोणी हसणार नाही.