नावाडी मागे येतो

मुकादम : ...आणि अग्निसर्पाने आ वासला तो वासलेलाच. पुढे पाहुणे बसलेले, मागे मालक उभे, आणि मोठ्या पडद्यावर त्या सर्पाच्या जबड्यात आपला नावाडी. खांद्यावर वल्हं घेऊन उभा, जणू गिऱ्हाईक शोधतोय.

भिंतीताई : नावाडी? नदीकाठचा?

मुकादम : दुसरा कुठला आहे आपल्याकडे? अख्ख्या खेळात होडी एक, नावाडी एक. त्याचं काम काय, तर 'कुठं जायचंय' म्हणून विचारायचं, पलीकडे सोडायचं, संपलं. तो डोंगर चढून सर्पाच्या गुहेत गेलाच कसा? मालकांनी मला विचारलं. आता मी तुला विचारतोय.

भिंतीताई : मला कशाला? मी भिंती तपासते, खेळणारा आरपार जात नाही ना ते.

मुकादम : म्हणून तर अख्खी टीम तुला भिंतीताई म्हणते. पहिल्या भागात एक भिंत सोडली नाहीस तू डोकं आपटल्याशिवाय. नजर टाकल्याशिवाय म्हणायचं होतं मला.

भिंतीताई : हसू का?

मुकादम : हसली असतीस तर जरा हायसं वाटलं असतं. अगं, दुसरा भाग बाजारात यायला आता दिवस किती राहिलेत? लोक वर्षानुवर्षं डोळे लावून बसलेत. म्हणून काल खेळांवर लिहिणारी चार माणसं बोलावली, म्हटलं खेळून बघा, कौतुक करा. आणि त्यांनी नेलं काय, तर घशात अडकलेला म्हातारा. सकाळपासून सगळीकडे तोच फोटो फिरतोय. शोभा झाली नुसती.

भिंतीताई : तो खेळणारा पाहुणा, त्याने आधी काय केलं होतं?

मुकादम : काही नाही. मध्येच फोन आला, बाहेर गेला, परत येऊन खेळायला लागला. डॉक्टर सकाळपासून कोड उपसून बसलाय. त्याच्याकडे नावाडी जागचा हलत नाही. आणि रोग दिसल्याशिवाय औषध द्यायचं कसं?

भिंतीताई : मग परत नसेल होत. एखाद्या वेळी होतं असं.

मुकादम : आता खरं बोल.

भिंतीताई : काय खरं?

मुकादम : मी सगळ्या टेस्टरांची रेकॉर्डिंग काढून बघितली. तुमच्या पडद्यावर जे चालतं ते आपल्याकडे साठतं, विसरलीस? बाकी कुणाच्याच खेळात नावाडी होडी सोडत नाही. तुझ्या खेळात रोज सोडतो. तू किल्ल्याची तटबंदी तपासतेयस, मागे नावाडी. कोठाराची भिंत तपासतेयस, मागे नावाडी. एकदा तर देवळाच्या पायरीवर तू नुसतीच बसलीयस आणि तो शेजारी.

भिंतीताई : ...

मुकादम : मौनं सर्वार्थसाधनम् वगैरे माझ्यापुढे चालायचं नाही.

भिंतीताई : किती बघितलंत?

मुकादम : पुरेसं बघितलं. टेस्टरला बग सापडतो, टेस्टर कळवतो, त्यावर आपलं पोट आहे. आणि तू तर मुंगीचा पाय वाकडा दिसला तरी कळवणारी बाई. तू हा एवढा थोरला म्हातारा लपवून ठेवलास?

भिंतीताई : लपवला नाही. सांगितलं नाही.

मुकादम : वा. म्हणजे चोरी केली नाही, न विचारता घेतलं.

भिंतीताई : कुणाला त्रास नव्हता त्याचा.

मुकादम : काल झाला.

भिंतीताई : त्याचं वाईट वाटतंय मला. तुम्हाला बोलणी बसली असतील.

मुकादम : माझी कातडी गेंड्याची आहे. ते सोड. मालकांना संध्याकाळच्या आत उत्तर हवंय. कारण सापडलं तर ठीक, नाहीतर नावाडीच काढून टाका म्हणाले. होडी नको, काही नको, नदीवर पूल बांधा.

भिंतीताई : पूल?

मुकादम : दगडी. कमानी आहेतच आपल्याकडे किल्ल्याच्या, त्याच आणून लावायच्या.

भिंतीताई : नको. पूल नको.

मुकादम : मग सांग. तो मागे लागतो कसा?

भिंतीताई : सांगितलं की तुम्ही त्याचं येणं बंद करणार.

मुकादम : करावंच लागेल. पण होडी राहील, तो राहील.

भिंतीताई : हो. तो राहील.

मुकादम : एवढं काय आहे गं त्या म्हाताऱ्यात?

भिंतीताई : तुमच्याकडे आवाज का घुमतोय?

मुकादम : विषय बदलू नकोस.

भिंतीताई : नाही, खरंच विचारतेय. घरी नाही का तुम्ही?

मुकादम : ऑफिसात आहे.

भिंतीताई : ऑफिस तर बंद केलं ना? सगळ्यांनी घरून काम करा म्हणाले होते.

मुकादम : जागा सोडेपर्यंत किल्ली माझ्याकडे आहे. येतो अधूनमधून. खुर्च्या एकावर एक रचून ठेवल्यात, तुझीही त्यातच असेल कुठेतरी. बायको गेलीय लेकीकडे, बाळंतपणाला. घर खायला उठतं.

भिंतीताई : मग तिथे तरी कोण आहे?

मुकादम : कुणी नाही. पण इथे कुणी नाही हे ठाऊक असतं. घरी सारखं वाटतं, आता आतून हाक येईल. पोरी, मी माझं सांगितलं. आता तू तुझं सांग.

भिंतीताई : बडबडी आठवते? माझ्या शेजारी बसायची.

मुकादम : न आठवायला काय झालं? माझे निम्मे केस तिच्यापायी गेले.

भिंतीताई : मी तिच्याबरोबर जेवायचे. ती बोलायची, मी जेवायचे. मग तिने नोकरी सोडली, मग ऑफिस बंद झालं आणि मी ह्या खोलीत आले. आधी बरं वाटलं. जाणं नाही, येणं नाही, कुणाची कटकट नाही. मग हळूहळू जेवायला बसलं की घास तोंडात फिरायला लागला. गिळवेना. म्हणून ताट घेऊन पडद्यासमोर बसायला लागले. आता खेळ चालू असताना कुठेतरी उभं राहायला हवं ना, जिथे कुणी तलवार घेऊन अंगावर येत नाही.

मुकादम : नदीकाठ.

भिंतीताई : नदीकाठ. तो समोरच होता. म्हणाला, 'कुठं जायचंय, लेकी?' मी उत्तर दिलं नाही.

मुकादम : का?

भिंतीताई : हात खरकटे होते. बटण कसं दाबणार?

मुकादम : बरं, मग?

भिंतीताई : त्याने परत विचारलं. मी आपली जेवतेय. अजून एकदा विचारलं. मग गप्प झाला आणि खाली बसला. माझं जेवण होईपर्यंत बसून होता. हात धुऊन आले, भिंतींकडे निघाले, तर मागे पावलं वाजली.

मुकादम : म्हणजे उत्तरच द्यायचं नाही. एवढंच?

भिंतीताई : एवढंच. पण खेळणारा कधी थांबतो? त्याने विचारलं की लगेच बटण दाबायचं, होडीत बसायचं, पलीकडे जाऊन कुणाचं तरी मुंडकं उडवायचं. काल त्या पाहुण्याला फोन आला म्हणून थांबला तो.

मुकादम : आणि मी सकाळपासून डॉक्टरला झापतोय. थांब, त्याला लाइनवर घेतो.

भिंतीताई : एक मिनिट. आधी ऐकून घ्या. तो मागे यायला लागला की सोबत्यांची वाक्यं बोलतो. राजकन्येबरोबर तो घोडेस्वार असतो ना, तो जी बोलतो ती. 'दमलीस का?' 'मी आहे मागे.' सुरुवातीला आवाज देणाऱ्या सगळ्याच कलाकारांकडून वाचून घेतली होती ती वाक्यं, ह्या म्हाताऱ्याचीही पडून होती कुठेतरी. दिवसभरात माझ्याशी दुसरं कुणी बोललेलं नसायचं हो. किराणा दारात ठेवून जातात. बहीण आठवड्याने फोन करते, तीही घाईत. मुकादम, मला माहीत आहे तो कोण आहे. मी खुळी नाही. कुठेतरी चुकलंय म्हणून तो येतो. पण येतो.

मुकादम : मला करायचास की फोन.

भिंतीताई : काय म्हणून? कामाचं काही नसताना? जिवंत माणसाला 'बसा जरा माझ्याजवळ' म्हणायला जीभ रेटत नाही. त्याला ते म्हणावं लागलं नाही. घ्या डॉक्टरला.

मुकादम : घाई नाही.

भिंतीताई : आहे. घ्या.

डॉक्टर : हां, बोला पटकन. मिळाला का चोर?

मुकादम : मिळाला. भिंतीताईला सापडला. आत्ताच.

डॉक्टर : आत्ताच कसा?

मुकादम : आत्ता म्हणजे आत्ता, माझ्यासमोर. तुला आंबे खायचेत की झाडं मोजायचीत?

भिंतीताई : नावाडी तीनदा विचारेपर्यंत उत्तर द्यायचं नाही. मग तो खाली बसतो. तो बसला की चालायला लागायचं.

डॉक्टर : थांब, बघतो. तीनदा उत्तर नाही... हां. दिसलं. पुढे काय करायचं ते कुणी लिहिलेलंच नाही. जागा रिकामी. मग तो बिचारा शेजारचं उचलतो, आणि शेजारी सोबत्यांचं आहे. कुठल्या गाढवाने सोडलंय हे?

मुकादम : कुठल्या?

डॉक्टर : मीच. जाऊ दे. एका ओळीचं काम आहे.

भिंतीताई : एका ओळीचं?

डॉक्टर : 'जागेवर थांब.' झालं. दुरुस्त केलेला खेळ पाठवतो लगेच. ज्याला सापडला त्यानेच तपासायचा, नियम ठाऊक आहे ना?

भिंतीताई : ठाऊक आहे.

डॉक्टर : पण मानलं तुला. तीनदा विचारेपर्यंत गप्प बसायचं डोक्यात आलंच कसं? आम्ही शंभर जणांनी खेळून बघितलं, कुणी थांबलं नाही.

भिंतीताई : जेवत होते.

डॉक्टर : नशीबवान आहेस, तुला जेवायला वेळ मिळतो. चल, ठेवतो.

मुकादम : गेला. ताई, तपासणी मी करू का? नियम मीच केलाय, मीच मोडतो.

भिंतीताई : नको. मी करते.

मुकादम : आणि ती तुझी रेकॉर्डिंग मी बघितलीच नाहीत, असं समज.

भिंतीताई : तुम्हाला खोटं पचत नाही.

मुकादम : ह्या वयात काहीच पचत नाही. एकाची भर.

(भिंतीताई दुरुस्त केलेला खेळ उतरवून घेते.)

मुकादम : उतरला का खेळ?

भिंतीताई : उतरला. नदीवर आलेय.

मुकादम : तो आहे?

भिंतीताई : आहे. वल्हं पुसतोय. मी आले तसं वर बघितलं. विचारलं, कुठं जायचंय. हे पहिल्यांदा.

मुकादम : हं.

भिंतीताई : त्याला आदलं काही आठवत नसतं. रोज नव्याने विचारतो. तरी काल काम संपवून उठताना मी त्याला 'येते' म्हणाले.

मुकादम : मोठ्याने?

भिंतीताई : मोठ्याने. खोलीत माझाच आवाज ऐकून दचकले. ...दुसऱ्यांदा विचारलं.

मुकादम : सावकाश होऊ दे.

भिंतीताई : तिसऱ्यांदा. बसला खाली.

मुकादम : बसणं राहू दिलंय वाटतं डॉक्टरने.

भिंतीताई : निघते मी. चालायला लागलेय.

मुकादम : पावलं?

भिंतीताई : वाजतायत. माझीच आहेत.

मुकादम : टेकडीपर्यंत जाऊन बघ. कधी कधी उशिरा निघतात.

भिंतीताई : नाही निघणार. मला कळतं ते. पण जाते. ...आले टेकडीवर. मागे वळून बघतेय.

मुकादम : कुठे आहे?

भिंतीताई : होडीपाशीच. पाण्याकडे तोंड करून बसलाय. इथून अगदी लहान दिसतो.

मुकादम : ताई...

भिंतीताई : बरोबर आहे. असंच व्हायला हवं होतं. 'दुरुस्त झालं' म्हणून लिहिते.

मुकादम : मी लिहितो, राहू दे.

भिंतीताई : लिहिलं.

मुकादम : बरं. मग मालकांना कळवतो. पुलाचं खूळ काढून टाका म्हणून सांगतो.

भिंतीताई : हो, ते नक्की सांगा.

मुकादम : ठेवू मग?

भिंतीताई : ठेवा. ...मुकादम.

मुकादम : बोल.

भिंतीताई : त्यांच्याशी बोलणं झालं की मला परत फोन लावाल? कामाचं काही नाही. मला जेवायचंय.